इसा मिरांडा: बोलपटाने उचललेली, हॉलिवूडला न पेललेली

तिकीटखिडकी (धागाकर्ता)

‘जुने बोलपट’ धाग्यावर मी इसा मिरांडा या इटालियन नटीचं नाव घेतलं, तर खाली पटापट ‘ही कोण?’ येऊन पडले. तिथे अवांतर वाढवण्यापेक्षा म्हटलं वेगळा धागाच काढावा. लांबलाय. रहस्यभेदही आहे; ज्यांना चित्रपट कोरा बघायचाय त्यांनी माक्स ओफ्युल्स या दिग्दर्शकाच्या चित्रपटाबद्दलचा मजकूर गाळून पुढे जावं.

माझं म्हणणं आधीच सांगून टाकतो. इसा हॉलिवूडमध्ये चालली नाही, ती अभिनयात कमी पडली म्हणून नव्हे आणि नुसत्या इंग्रजीमुळेही नव्हे. तिला तिथे दुसऱ्या बाईच्या मापाचे कपडे घालायला लावले.

थोडी पार्श्वभूमी. पहिल्या महायुद्धाच्या आगेमागे इटलीचा मूकपट भरात होता. लीदा बोरेल्ली, फ्रान्चेस्का बेर्तिनी यांनी तेव्हा पडदा गाजवला. मग हा धंदा असा बसला की तिथले दिग्दर्शक नि नट काम शोधत बर्लिन-पॅरिसला जाऊ लागले. तशात आवाज आला. स्तेफानो पित्तालुगाने ‘चिनेस’ ही जुनी कंपनी ताब्यात घेऊन रोममध्ये बोलपटाची सोय उभी केली आणि ऑक्टोबर १९३० मध्ये ‘ला कान्झोने देल्लामोरे’ हा पहिला इटालियन बोलपट लागला. दिग्दर्शक जेन्नारो रिगेल्ली, गोष्ट इटालियन लेखक पिरांदेल्लोच्या कथेवरून, नायिका द्रिया पाओला. त्यातलं ‘सोलो पेर ते, लुचिया’ हे गाणं लोकांच्या तोंडी बसलं. द्रिया पाओलाचं नाव मात्र आता फक्त इतिहास चाळणाऱ्यांनाच माहीत.

पुढच्याच वर्षी ‘ला सेग्रेतारिया प्रिवाता’ आला आणि एल्सा मेर्लिनी घरोघरी पोचली. तो एका जर्मन चित्रपटाचा इटालियन अवतार. तेव्हा भाषा बदलायची रीत अशी होती की तोच सेट, तीच गोष्ट आणि दुसऱ्या देशाचे नट. डबिंग अजून अंगवळणी पडलं नव्हतं. ही रीत लक्षात ठेवा, इसाच्या पायात ती पुढे सारखी घोटाळते.

आता इसा. खरं नाव इनेस इझाबेल्ला साम्पिएत्रो, जन्म १९०५, मिलान. टायपिस्टची नोकरी करत करत नाटकाचं शिक्षण घेतलं. सिनेमात आली ती छोट्यामोठ्या भूमिकांतून, आणि १९३४ साली तिच्या वाट्याला ‘ला सिन्योरा दी तुत्ती’ आला. निर्माता आंजेलो रिझोली, मासिकं-पुस्तकं छापणारा बडा प्रकाशक. दिग्दर्शक माक्स ओफ्युल्स, हिटलर सत्तेवर आल्यावर जर्मनी सोडलेला ज्यू माणूस. त्याने इटलीत केलेला हा एकमेव चित्रपट, साल्वातोर गोत्ताच्या कादंबरीवरून.

सुरुवातच बघा. पडद्यावर ग्रामोफोनची तबकडी फिरतेय, नायिकेचा आवाज गातोय, आणि त्यावरच तिच्या पैशांची घासाघीस ऐकू येते. बाई अजून दिसलेलीच नाही! तिचा आवाज आणि तिची किंमत, एवढंच आधी हजर. मग कळतं की गाबी दोरिओ या नामांकित नटीने जीव द्यायचा प्रयत्न केलाय. शस्त्रक्रियेच्या टेबलावर भूल द्यायचा मुखवटा वरून खाली येतो आणि तिथून सगळा भूतकाळ उलगडतो. शाळेतला शिक्षक तिच्यापायी देशोधडीला लागतो नि बदनामी पोरीची होते. पुढे एका श्रीमंत घरात मुलगा तिच्यावर भाळतो, बापही भाळतो, आणि त्या घरची चाकाच्या खुर्चीतली आई जिन्यावरून कोसळून मरते. तेव्हा वाजत असलेलं संगीत गाबीचा पिच्छा सोडत नाही. शेवटी ती टेबलावरच जाते, आणि छापखान्यात तिची चित्रं छापणारं यंत्र थांबतं.

त्या काळचे बरेच बोलपट म्हणजे नट मायक्रोफोनच्या धाकाने एका जागी खिळून बोलत असायचे. इथे इसा बोलते कमी, ऐकते जास्त. दुसऱ्याचं बोलणं ऐकताना तिच्या चेहऱ्यावर जे चाललेलं असतं त्यावर अर्धा चित्रपट तोललेला आहे. बोलपटात ऐकण्याचा अभिनय करता येणं ही फार मोठी गोष्ट, आणि ती तिला जवळजवळ पहिल्याच मोठ्या भूमिकेत जमली.

मग रांगच लागली. १९३५ चा ‘पासापोर्तो रोस्सो’, दक्षिण अमेरिकेत पोट भरायला गेलेल्या इटालियनांची गोष्ट. दिग्दर्शक कामेरिनीचा ‘कोमे ले फोल्ये’. जर्मनीत गायक बेन्यामिनो जिल्लीबरोबर ‘दू बिस्त माइन ग्ल्युक’. फ्रेंचमध्ये पिरांदेल्लोच्याच कादंबरीवरचा ‘लॉम द न्युल पार’ आणि ‘निना पेत्रोव्ना’. १९३७ साली ‘शिपिओने लाफ्रिकानो’, त्यावर खाली कोणीतरी बोलेलच. इटालियन, जर्मन, फ्रेंच अशा तीन भाषांत ही बाई त्या वर्षांत कामं करत होती. ‘हिला भाषा जमत नव्हती’ म्हणणाऱ्यांनी एवढं ध्यानात घ्यावं.

आणि मग हॉलिवूडची पॅरामाउंट कंपनी. तिकडे त्यांची आपल्या जर्मन तारकेशी, मार्लेन डीट्रिचशी कुरबूर चाललेली. हाडं वर आलेले गाल, जड पापण्या, खालचा आवाज असलेली युरोपियन बाई म्हणून इसाला नेलं आणि जाहिरातीत पार गार्बो-डीट्रिचच्या रांगेत बसवलं. पहिलं मोठं काम ठरलं जॉर्ज क्यूकरचा ‘झाझा’, फ्रेंच संगीतगृहातल्या गायिकेचा. १९३८ मध्ये चित्रीकरण सुरू झालं आणि तिला काढून क्लॉडेट कोलबेअरला घेतलं. कोणी म्हणतं अपघात झाला, कोणी म्हणतं इंग्रजी उच्चार नडले.

त्यानंतर मिळाला ‘हॉटेल इम्पीरियल’ (१९३९), रे मिलंडबरोबर. या चित्रपटाची कुंडलीच वाईट. १९३६ साली तो डीट्रिचला घेऊन दुसऱ्या नावाने सुरू झाला, ती मध्येच सोडून गेली. तिच्या जागी मार्गारेट सुलव्हन आली, तिचा हात मोडला. सगळं गुंडाळून ठेवलं. दोन-तीन वर्षांनी तेच बाड झटकून इसापुढे ठेवलं! नंतर जॉर्ज ब्रेंटबरोबर ‘ॲडव्हेंचर इन डायमंड्स’ (१९४०), आणि खेळ खलास. ओफ्युल्सला जो चेहरा चालता-बोलता दिसला तो पॅरामाउंटला फक्त दिव्याखाली ठेवायची वस्तू वाटला.

परत आल्यावर तिने काय केलं? नवरा आल्फ्रेदो ग्वारिनी निर्माता-दिग्दर्शक, त्याच्याबरोबर काही चित्रपट. १९४२ साली सोल्दातीचा ‘मालोम्ब्रा’. आणि रेनातो कास्तेल्लानीच्या दिग्दर्शनात, होय, ‘झाझा’! अमेरिकेत हातून काढून घेतलेली भूमिका घरी येऊन, आपल्या भाषेत, पुरी केली. मला तिच्या सगळ्या कारकिर्दीत ही गोष्ट सर्वात जास्त आवडते.

युद्धानंतरचं प्रतिसादांत बोलू.

---

फुरसतराव

वाखुसाआ (वाचनखूण साठवली आहे). ‘ऐकण्याचा अभिनय’ हे आवडलं. पुलेशु (पुढील लेखनास शुभेच्छा).

---

मुळामुठा

लेख छान, पण मला इसा थंड वाटते. सुंदर आहे, मान्य. पण तिच्याकडे बघताना पुतळ्याच्या प्रदर्शनात आल्यासारखं होतं. त्या काळातल्या इटालियन बोलपटाचा खरा जीव म्हणजे आस्सिया नोरिस. ‘इल सिन्योर माक्स’ (१९३७) बघा. व्हित्तोरिओ दे सिका वर्तमानपत्रं विकणारा, बड्या लोकांत बडा माणूस म्हणून मिरवतो, आणि नोरिस त्या लोकांकडची मोलकरीण. तिला दोन्ही माणसं एकच आहेत हे कळायला जो वेळ लागतो त्यात नुसती धमाल आहे. ‘दारो उन मिलिओने’, ‘ग्रान्दी मागाझ्झीनी’ हेही. बाई जन्माने रशियाच्या, तरी कामेरिनीच्या या सगळ्या चित्रपटांत शेजारची मुलगी वाटतात. हलकं, भरभर बोलणं हे बोलपटाने आणलेलं सुख. तुमच्या इसाबाई सारख्या शोकांतिकेतच.

---

तिकीटखिडकी

मुळामुठा, नोरिसबद्दल भांडण नाहीच, मीही तिचा चाहता आहे. पण विनोदी चित्रपटात संवाद नटाला उचलून नेतात. इसाच्या वाट्याला आलेल्या भूमिकांत संवाद बहुधा पुरुषांना होते, हिला परिणाम भोगायचे. त्याला थंडपणा म्हणायचं की संयम, ज्याने त्याने ठरवावं. तुम्ही ‘हॉटेल इम्पीरियल’ आधी पाहिला असेल तर पुतळा दिसणारच, तिथे तिला पुतळाच व्हायला सांगितलं होतं.

---

मुळामुठा

आधी तोच पाहिला. बरं, ओफ्युल्सवाला बघून मग पुन्हा भांडायला येतो.

---

बूमवाला

धंद्याने ध्वनिवाला आहे म्हणून दोन पैसे टाकतो.

सुरुवातीच्या बोलपटात नट खिळलेले दिसतात यात नटांचा दोष कमी. कॅमेऱ्याची घरघर मायक्रोफोनमध्ये जायची, म्हणून कॅमेरा आणि चालवणारा दोघांना काचेच्या खोक्यात कोंडायचे. खोकं हलणार कसं? आणि त्या वेळचा माइक लांबचं नीट पकडत नसे, तो फुलदाणीत नाहीतर टेबलाखाली लपवला की नटाने त्याच्याजवळच बोलायचं. पुढे कॅमेऱ्यालाच आवाज दाबणारं कवच चढवू लागले तेव्हा तो पुन्हा मोकळा झाला. ओफ्युल्सने १९३४ मध्ये कॅमेरा असा फिरवला आहे की जणू ही अडचण कधी नव्हतीच. तळ्यात गाबी होडी वल्हवतेय आणि काठाने तो बाप मोटार हाकत तिच्या बरोबरीने येतोय, तो प्रसंग पाहा. दोघांमध्ये पाणी आहे, वेग एकच आहे. तो हिच्या मागे लागलाय हे सांगायला एकही वाक्य लागत नाही.

आणि तिकीटखिडकींनी डबिंगचा ओझरता उल्लेख केलाय, त्यात एक गंमत राहिली. १९३० पासून इटलीत परदेशी भाषेतलं बोलणं पडद्यावर ऐकवायलाच बंदी होती. मग अमेरिकन बोलपटांतलं बोलणं काढून टाकून जागोजागी लेखी पाट्या घालायचे. पैसे भरून बोलपटाला जायचं आणि वाचत बसायचं! डबिंग सुधारलं तसा तो ताप संपला, आणि १९३३ मध्ये कायदाच झाला की डबिंग इटलीतच करायचं. त्यामुळे इटालियन प्रेक्षकाला गार्बोही इटालियनच बोलताना ऐकायची सवय. अशा प्रेक्षकासमोर मोठी झालेली नटी अमेरिकेत जाते, जिथे तिच्या प्रत्येक उच्चाराकडे कान लावून बसलेत. अवघड होतं राव.

---

उलटतपासणी

सगळं गोडगोड चाललंय म्हणून विचारतो. ‘शिपिओने लाफ्रिकानो’चं काय? मुसोलिनीच्या राजवटीने इथिओपिया घेतल्यावर रोमन साम्राज्याचे ढोल बडवायला काढलेला चित्रपट. व्हेनिसच्या महोत्सवात १९३७ साली त्याला मुसोलिनी चषक मिळाला, म्हणजे घरचंच बक्षीस घरात. इसाबाई त्यात आहेत. ‘पासापोर्तो रोस्सो’सुद्धा शेवटी परदेशातल्या पोराला इटलीसाठी युद्धावर पाठवूनच सुटतो. हे ‘रांगच लागली’ म्हणून एका ओळीत उरकायचं?

---

तिकीटखिडकी

रास्त प्रश्न. ‘शिपिओने’ वाईट चित्रपट आहे, आणि प्रचार म्हणून वाईट आहे त्याहून सिनेमा म्हणून जास्त कंटाळवाणा. हत्ती, फौजा आणि भाषणं. त्यात इसाची व्हेलिया ही भूमिका कोणीही केली असती तरी फरक पडला नसता.

‘पासापोर्तो रोस्सो’ मला एवढा सरळ वाटत नाही. शेवट तुम्ही म्हणता तसाच आहे, सरकारला हवा तसा. पण त्याआधीचा बराच भाग देश सोडून गेलेल्या गरिबांचे हाल दाखवतो, आणि इसा तिथे खरंच थकलेली, उन्हात रापलेली बाई आहे. तिथे तिच्यावर दिव्यांची मेहेरबानी नाही.

एक आणखी. १९३४ मध्ये लुइजी फ्रेद्दीच्या हाताखाली सिनेमाचं सरकारी खातं निघालं, १९३५ मध्ये चिनेसचा स्टुडिओ जळाला, एप्रिल १९३७ मध्ये चिनेचित्ता या नव्या स्टुडिओचं उद्घाटन मुसोलिनीच्या हस्ते झालं. त्या वर्षांत रोममध्ये काम करायचं म्हणजे याच चौकटीत. हे समर्थन म्हणून नाही सांगत. ओफ्युल्ससारखा पळून आलेला माणूस जिथे एक चित्रपट करू शकला तिथेच हेही झालं, दोन्ही एका श्वासात सांगावं लागतं.

---

उलटतपासणी

चालेल. निदान ‘कंटाळवाणा’वर एकमत.

---

शनवारातली

व्हेनिस १९३७ वरून आठवलं, त्याच महोत्सवात आपल्या प्रभातच्या ‘संत तुकाराम’चा गौरव झाला होता! म्हणजे एकीकडे मुसोलिनीच्या नावाचा चषक घेणारा, फौजाच्या फौजा उभ्या केलेला ‘शिपिओने’ आणि दुसरीकडे विष्णुपंत पागनीस टाळ घेऊन. आज कोणता बघवतो ते सांगायला नको.

आणि ती एकच चित्रपट दोन भाषांत करायची रीत आपल्याकडेही होतीच की. ‘अयोध्येचा राजा’ १९३२ साली मराठीत आणि हिंदीत वेगवेगळा चित्रित झाला, दुर्गाबाई खोटे दोन्हीकडे. पण फरक बघा: प्रभातने नायिका तीच ठेवली, भाषा बदलली. युरोपात बऱ्याचदा नायिकाच बदलायचे. मेर्लिनीची भूमिका जर्मनमध्ये रेनाटे म्युलरने केली होती, फ्रेंचमध्ये आणखी कोणी. दुर्गाबाईंना दोन्ही भाषा येत होत्या म्हणून जमलं, हे खरं. पण नटी हाच चित्रपटाचा आधार आहे असं मानलं तरच कोणी एवढा खटाटोप करतं.

---

तिकीटखिडकी

वा शनवारातली, हे मूळ लेखात हवं होतं. आणि याच रीतीतली इसाची एक भारतीय गंमत आहे. १९३६ साली तिने ‘उना दोन्ना त्रा दुए मोन्दी’ केला. त्याची जर्मन आवृत्ती निघाली ‘महाराजाचं प्रेम’ अशा अर्थाच्या नावाने, आणि तिथेही नायिका इसाच. म्हणजे तुमच्या दुर्गाबाईंसारखीच दोन्हीकडे! महाराजा झालाय गुस्टाफ डीसल, अस्सल व्हिएन्नाकर.

---

फुरसतराव

व्हिएन्नाचा महाराजा =)) =)) फेटा तरी नीट बांधलाय का?

---

दर्यावर्दी

युद्धानंतरचं राहिलं आहे, ते मी लिहितो, कारण मी इसाला ओळखतो ती तिथूनच. जेनोआ बंदरात कामानिमित्त पुष्कळदा उतरलोय, त्यामुळे ‘ले मुरा दी मालापागा’ माझा जवळचा चित्रपट. रने क्लेमाँचा, १९४९ चा, फ्रेंच-इटालियन भागीदारीतला. कथा-पटकथेत झावात्तीनी आणि सुझो चेक्की दामिको. जाँ गाबँ बाईचा खून करून पळालेला फ्रेंच माणूस. जहाजात चोरून बसलाय आणि जेनोआला उतरतो का, तर दाढ दुखतेय म्हणून! पोलिसांच्या भीतीपेक्षा दाढ मोठी. मग पाकीट मारलं जातं, एक लहान मुलगी भेटते, आणि तिची आई मार्ता, खानावळीत वाढणारी, म्हणजे इसा.

बॉम्बने पडझड झालेलं खरं शहर, अरुंद बोळ, वाळत घातलेले कपडे, निर्वासितांनी भरलेली घरं. आणि तिथे ही एके काळची ‘दुसरी डीट्रिच’ चाळिशी ओलांडलेली, नवऱ्यापासून वेगळी, पोरगी तो पळवेल या भीतीत. तिला पुन्हा कोणीतरी आवडतंय याचं तिलाच आश्चर्य वाटतं, ते ती इतक्या साधेपणाने दाखवते की गाबँसारखा नट समोर असूनही नजर हिच्यावरच राहते. कान चित्रपट महोत्सवात १९४९ मध्ये सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचं पारितोषिक तिला, दिग्दर्शनाचं क्लेमाँला. आणि ज्या हॉलिवूडने परत पाठवलं होतं त्यांनीच पुढे या चित्रपटाला परदेशी चित्रपटासाठीचं मानाचं ऑस्कर दिलं.

---

मुळामुठा

भांडायला आलोय, पण निम्मीच तलवार घेऊन. ‘सिन्योरा’ पाहिला. जिन्याचा प्रसंग भयंकर आहे, आणि शेवटाकडे तो बाप थिएटरबाहेर लावलेले तिचे फोटो बघत असतो नि गाडीखाली जातो, तेही. इसा पुतळा नाही, मान्य. पण तरुण गाबी म्हणून ती मला पटत नाही. पहिल्या भागातली शाळकरी मुलगी तिशीला टेकलेली दिसते.

---

तिकीटखिडकी

तिशीला टेकलेलीच होती ती, त्याला इलाज नाही! मला ते खटकलं नाही, कारण सगळं तिला भुलीत आठवतंय. आठवणीत माणूस स्वतःला आत्ताच्याच चेहऱ्याने बघतो.

---

मुळामुठा

ही पळवाट झाली. पण हुशार पळवाट.

---

बूमवाला

इंग्रजी उच्चारांवरून सुरू झालं होतं म्हणून: डेव्हिड लीनच्या ‘समरटाइम’मध्ये (१९५५) कॅथरीन हेपबर्न व्हेनिसला येऊन जिथे उतरते त्या घराची मालकीण सिन्योरा फिओरिनी म्हणजे इसाच. तिथे तिचं इटालियन वळणाचं इंग्रजी हीच त्या बाईची गोडी आहे. १९३८ ला जे खपलं नाही त्याच्यासाठीच १९५५ ला बोलावलं. फक्त आता नायिका म्हणून नाही.

---

शनवारातली

नवख्याने कुठून सुरुवात करावी? घरात वेळ मिळतो तो रात्री, आणि साबा (सासूबाई) पण बसतात बघायला. फार रडकं नको.

---

दर्यावर्दी

ताई, मग ‘समरटाइम’. त्यात ती थोडी आहे पण साबांना व्हेनिस आवडेल. दुसरा ‘मालापागा’. ‘ला सिन्योरा दी तुत्ती’ एकट्याने बघा.

ओफ्युल्सचाच ‘ला रोंद’ (१९५०) पण चांगला. सोळा वर्षांनी त्याने तिला पुन्हा बोलावलं, आणि भूमिका दिली ती नटीचीच. साबांबरोबर मात्र नको, अडचण होईल. १९७४ चा ‘द नाइट पोर्टर’ तर चुकूनही नको.

---

मुळामुठा

आणि मधे एक दिवस ‘सिन्योर माक्स’ लावा, साबा खूश होतील. तिकीटखिडकी, नोरिसचा धागा मी काढतोय. तिथे या, पूर्ण तलवार घेऊन बसतो.